फुगरू सशाची शोकसभा

राहात्याच्या बालनाट्य स्पर्धेची ढाल चांगुणाबाईंच्या कोल्हारच्या शाळेने सलग चार वर्षे जिंकली होती. पाचव्यांदा जिंकली की ती कायमची कोल्हारची! निवृत्त होऊनही मुख्याध्यापिकेची खुर्ची मनातून न सोडलेल्या बाईंनी जाहीर केले, "ढाल आपलीच. खिळा ठोकून ठेवा!"

मुलांना मात्र रविवारी टीव्हीवर येणारा फुगरू ससाच हवा होता. त्याच्या टोप्यांनी आणि वह्यांनी गावावर टोळधाडच घातली होती.

"आजी, फुगरू पापडासारखा चपटा होतो आन् टुणकन उठतो!" नात रश्मी म्हणाली.

"चपटा झालेला प्राणी उठत नसतो! मुलांना खरे जग कळले पाहिजे."

बाईंनी फुगरू नव्याने लिहिला. या फुगरूचे आईबाप ऊसतोडीला गेलेले, लांडगा गावचा पुढारी, साक्षीदार कासव फितूर. दुसऱ्या प्रवेशात फुगरू उसाच्या ट्रॉलीखाली सापडतो. तिसरा प्रवेश शोकसभेचा.

"मी कधी उठू?" फुगरू झालेल्या रश्मीने विचारले.

"उठायचे नाही!"

रश्मीने भोकाड पसरले. बाईंना ते इतके अस्सल वाटले की त्यांनी ते नाटकात घेतले. मुखवटे रद्द झाले, सर्वांना पांढरे कपडे मिळाले. शिपाई छगनला सक्त ताकीद मिळाली, "हे नाटक आहे, असे कोणीही तोंडातून काढायचे नाही!"

स्पर्धेच्या दिवशी पाहुण्यांची जीप आली नव्हती, परीक्षक त्याच जीपमध्ये होते. संयोजकांनी थांबायची विनंती केली. "दहा म्हणजे दहा!" बाईंनी पडदा उघडायला लावला.

जीप आली ती थेट तिसऱ्या प्रवेशात. रिकाम्या खुर्चीला हार, उदबत्तीचा धूर, हमसून रडणारी मुले! दिवसाला तीन शोकसभा करणारे साखर कारखान्याचे संचालक आसारामभाऊ सवयीने चपला काढून माईककडे निघाले.

"मयताचं नाव काय रं?" त्यांनी छगनला हळूच विचारले.

"फुगरू."

"कशानं गेलं?"

"उसाच्या ट्रॉलीखाली, भाऊ."

भाऊंचा चेहरा खडूसारखा झाला. "कारखाना या कुटुंबाच्या पाठीशी हाय!" ते माईकवर गहिवरले.

बाई विंगेत हरखल्या. प्रेक्षक नाटकात उतरला! याहून मोठा विजय कोणता?

पण भाऊ बोलले म्हटल्यावर विरोधी गटाचे भिमाजीराव कसे गप्प बसणार? "फुगरूला मी अंगाखांद्यावर खेळवलंय," असे सांगून ते वीस मिनिटे बोलले आणि डोळे पुसून म्हणाले, "दोन मिन्टं शांतता पाळू, आन् दुखवट्यामुळं स्पर्धा उद्यावर ढकलू!"

बाई ओरडायला धावल्या. पण शांतता सुरू झाली होती! अडतीस वर्षांच्या शिस्तीने त्यांचे हात आपोआप जोडले गेले, ओठ मिटले. दोन मिनिटांनी डोळे उघडले तेव्हा मांडव अर्धा रिकामा आणि जीप वेशीबाहेर!

दुसऱ्या दिवशी बाई मुलांना घेऊन हजर झाल्या. परीक्षक धनश्रीताईंनी दारातच त्यांचे हात हातात घेतले.

"बाई, अशा प्रसंगात कशाला आलात? तुमच्या शाळेचं नाव आम्ही कालच स्पर्धेतून काढून टाकलंय."

"अहो, कोणी गेलेले नाही! ते नाटक होते! फुगरू हा ससा आहे!"

धनश्रीताईंचे डोळे भरून आले. त्यांनी बाईंच्या पाठीवरून हळुवार हात फिरवला.

"सुरुवातीला असंच होतं, बाई. थोडं पाणी घेता का?"