बोरसे सरांच्या गाडीचा जीव

"मेकॅनिक? कशाला मेकॅनिक? यंत्र खोटं बोलत नाही हर्षदा, फक्त त्याला नीट विचारता आलं पाहिजे!"

असं म्हणून योगराज बोरसे सरांनी बाह्या सरसावल्या, आणि सुरतेतल्या पर्वत पाटियाच्या त्या सोसायटीत आठवडाभराच्या करमणुकीची सोय झाली.

सर मराठी शाळेत विज्ञान शिकवतात. शाळेत म्हणजे शाळेतच असं नाही हं! भाजीवालीला तराजूचं तत्त्व, लिफ्टमध्ये अडकलेल्या शेजाऱ्यांना कप्पीचं तत्त्व, बायको हर्षदाला कुकरच्या शिट्टीचं तत्त्व, जिथे माणूस सापडेल तिथे सरांचा तास सुरू. त्यात यंदा आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, त्यांच्या दारात ऑटोमॅटिक गाडी आली. होती सेकंडहँड, पण तो शब्द सरांच्या तोंडून कुणी ऐकलेला नाही. ते 'अनुभवी गाडी' म्हणतात.

गाडी बघायला डिंडोलीहून सासरे धुडकूअण्णा आणि सासूबाई प्रमिलाबाई मुद्दाम आले. पूजा झाली, नारळ फुटला, चाकाखाली लिंबं चिरडली. अण्णांची सगळी उमर सुरतेत कापडाच्या लूमवर गेलेली, यंत्र म्हटलं की त्यांचे कान टवकारतात.

"क्लच नाही, अण्णा! गिअर आपोआप पडतात," सर म्हणाले.

"आपोआप? मंग टाकस कोन?"

झालं! सरांना हेच हवं होतं. स्टिअरिंगखालचा खटका ओढून त्यांनी बॉनेट उघडलं. खटका कसा ओढायचा तेही सगळ्यांना दाखवलं.

"हा गिअरबॉक्स. आणि त्याच्या डोक्यावर हे बोटाएवढं दिसतंय ना? हा स्पीड सेन्सर! गाडी किती वेगाने चाललीय ते हा सांगतो, आणि त्यावरून गाडी गिअर बदलते. हा बिघडला की गाडी आंधळी! गाडीचा जीव म्हणतात ना अण्णा, तो इथे!"

प्रमिलाबाई तोवर मागे उभ्या होत्या. त्यांनी वाकून पाहिलं आणि एकच विचारलं.

"एवढासा जीव, आन असा उघडा?"

"उघडाच!" सर अभिमानाने म्हणाले.

इथेच माशी शिंकली! कारण वरती सगळे आमरसावर आडवा हात मारत असताना प्रमिलाबाई गाडीची किल्ली घेऊन हळूच खाली उतरल्या. तोच खटका ओढला, तेच बॉनेट उघडलं, आणि काळ्या चिंधीत मीठ, मोहरी आणि लाल मिरच्या बांधून ती पुरचुंडी काळ्या दोऱ्याने गाडीच्या त्या उघड्या जीवाला घट्ट बांधून टाकली. आता नजर लावा म्हणावं! बोलल्या मात्र कुणालाच नाहीत. जावई पडले विज्ञानाचे मास्तर, उगाच हसतील!

आता मीठ, सुरतेची दमट हवा आणि इंजिनाची ऊब. सरांनी स्वतः प्रयोग मांडला असता तरी याहून चांगला मांडला नसता.

महिना व्हायच्या आत, ऐन रहदारीत, गाडी चालू असताना वेगाचा काटा धाडकन शून्यावर पडला! गाडीने हिसका दिला, डॅशबोर्डवर पिवळा दिवा लागला आणि गिअर तिसऱ्यावर जाऊन बसला तो बसलाच. सर घरी पोहोचले ते मागे अख्ख्या सुरतेचे हॉर्न घेऊन.

एरवी सरांनी हेही हसण्यावारी नेलं असतं. पण येत्या रविवारी नंदुरबारकडच्या गावी अण्णांच्या पुतण्याचं लग्न होतं. अण्णांचे थोरले भाऊ उखाभाऊ दर लग्नाला फोनवर एकच टोमणा मारायचे: "चाळीस वरीस सुरतमा ऱ्हायना, आन येस ते एसटीमाच!" यंदा अण्णांनी उलट सुनावलं होतं, की जावयाच्या गाडीतून येतो, आणि गाडीही अशी की गिअर आपोआप पडतात! नवी टोपी घेतली होती. पुढच्या सीटवर बसून काच खाली करायची की नाही, यावर ते दोन दिवस विचार करत होते. आणि आता ही गाडी!

खालच्या मजल्यावरचे महेशभाई कतारगामला हिऱ्याच्या कारखान्यात आहेत. त्यांनी भिंग न लावताच निदान केलं.

"बोरसेसाहेब, गिअरबॉक्स गयो! आखो खोलवो पडशे. मारा साळाने पण एवुं ज थयेलुं."

"मग? मेहुण्याने काय केलं?"

"गाडी वेची नाखी!" म्हणजे चक्क विकून टाकली!

"महेशभाई, अंदाज वेगळा आणि निदान वेगळं," सर म्हणाले, आणि त्यांनी खिशातून स्कॅनर काढला. तो गाडीला जोडताच मोबाइलवर कोड आला. पी-शून्य-सात-दोन-शून्य!

"पाहिलंत? आउटपुट स्पीड सेन्सरचं सर्किट! आता नीट ऐका. सेन्सर, वायर आणि जोडणी, तिघांपैकी एक चोर आहे. एकेकाला विचारायचं!"

महेशभाई चहाला निघून गेले. सर बॉनेटमध्ये वाकले, सेन्सरच्या जोडणीला हात घातला, आणि हाताला काहीतरी ओलसर, मऊ लागलं. बाहेर ओढलं तर काळी चिंधी! दोऱ्याचा गुंता! मिरचीचे तुकडे! मोहरी!

सरांच्या डोक्यात लख्ख प्रकाश पडला. उंदराचं घरटं!

चिंध्या कोण जमवतो? उंदीर. दाणे कोण साठवतो? उंदीर. मिरचीपाशी सर क्षणभर अडखळले. पण सुरतेचा उंदीर आहे, नाश्त्याच्या लोचोवर तिखट चटणी मागून घेणारा, त्याचं काय सांगावं!

जोडणीच्या पिना हिरव्या पडल्या होत्या. सरांनी मीटर लावून सेन्सर तपासला, ठीक. वायर तपासली, ठीक. दोष जोडणीतच! म्हणजे निदान अगदी अचूक होतं बरं का. फक्त आरोपी चुकला.

पण आता पंचाईत अशी, की हर्षदा उंदराला भयंकर भिते. एकदा स्वयंपाकघरात उंदीर दिसला तर ती दोन दिवस माहेरी जाऊन राहिली होती. गाडीत उंदीर आहे हे कळलं तर ती गाडीत पाऊल ठेवणार नाही, ती नाही तर सासूबाई नाहीत, आणि अण्णा पुन्हा एसटीत! सरांनी घरटं गुपचूप कचऱ्यात टाकलं, पिना ब्रशने घासून स्प्रे मारला, जोडणी टक्कन बसवली. काटा हलला, गिअर पडले.

"काय झालं होतं हो?" हर्षदाने विचारलं.

"काही नाही गं, जरा ओल आली होती," सर म्हणाले. फुगलेली छाती मात्र आवरेना. त्यांनी मुद्दाम महेशभाईंच्या खिडकीसमोरून तीन चकरा मारल्या.

शुक्रवारी अण्णा आणि प्रमिलाबाई पिशव्या घेऊन मुक्कामाला आले. चहा झाला. सगळे गप्पांत रंगले तशा प्रमिलाबाई "जरा पाय मोकळे करस" म्हणून खाली उतरल्या आणि बॉनेट उघडून पाहिलं तर काय? पुरचुंडी गायब!

त्यांच्या तोंडचं पाणीच पळालं. कुणीतरी काढली! आपली बांधलेली राखण कुणीतरी मुद्दाम काढली! त्यांनी वर पाहिलं. महेशभाई खिडकीत उभे राहून गाडीकडेच बघत होते.

"हाच तो!" प्रमिलाबाई पुटपुटल्या, आणि या खेपेला दुप्पट मीठ, दुप्पट मिरच्या आणि गाठीवर गाठ! शेवटची गाठ अशी करकचून ओढली की जोडणी अर्धी बाहेर आली. ती त्यांना कुठली दिसायला!

शनिवारी सकाळी सरांनी अण्णांना चाचणीफेरीला नेलं. अण्णा नवी टोपी घालून पुढे बसले. सोसायटीच्या फाटकातून बाहेर पडताना त्यांनी वॉचमनला हातही दाखवला. आणि पहिल्याच वळणावर काटा शून्य, पिवळा दिवा, आणि असा हिसका की टोपी उडून डॅशबोर्डवर!

अण्णांनी टोपी उचलली. झटकली. डोक्यावर न ठेवता मांडीवर ठेवली.

"ऱ्हाऊ द्या, जावईबापू. एसटी काही वाईट नाही," ते म्हणाले.

मुलांनी प्रयोगवहीत चुका केल्या तर ओरडणारे सर, पण त्या मांडीवरच्या टोपीकडे बघत त्यांनी गाडी सरळ घराकडे वळवली. घरी येऊन त्यांनी बॉनेट उघडलं. घरटं पुन्हा हजर! आणि पहिल्याहून मोठं!

"हा उंदीर नाही," सर स्वतःशीच म्हणाले, "ही उंदरीण आहे! बाळंतपणाची तयारी चाललीय!"

मग मात्र सर पेटले. घरटं काढलं, जोडणी साफ केली, आणि बाजारातून डांबरगोळ्या आणि उंदीर चिकटवायचे डिंकाचे पुठ्ठे आणले. गिअरबॉक्सच्या आसपास जिथे हात पोहोचेल तिथे पुठ्ठे पसरले. सेन्सरच्या शेजारी तर सगळ्यात मोठा.

"तुमच्या अंगाला डांबरगोळ्यांचा वास का येतोय?" हर्षदाने विचारलं.

"विज्ञान!" सर म्हणाले.

"आणि आई सारखी खाली का जाते? आज तिसऱ्यांदा गेली. तुम्ही दोघं मिळून काहीतरी लपवताय!"

"आई खाली जातात?" सर म्हणाले. "चांगलं आहे. चालल्याने गुडघे मोकळे होतात."

रविवार उजाडला. पिशव्या बांधल्या, आहेर बांधला, अण्णा टोपी हातात धरून बसले होते. घालावी की नाही हे गाडीवर अवलंबून होतं. तेवढ्यात पार्किंगमधून किंकाळी आली.

"वं माय! वं माय!"

"सापडली!" सर ओरडले, आणि केरसुणी उचलून जिन्याने धावत सुटले.

"कोण सापडली?" हर्षदा मागे. तिच्यामागे टोपी सावरत अण्णा. खालच्या मजल्यावरून ब्रश तोंडात घेऊन महेशभाई!

बॉनेट उघडं होतं. आणि त्यात कमरेपर्यंत वाकलेल्या प्रमिलाबाई! लग्नासाठी नेसलेल्या जरीच्या साडीचा पदर एका पुठ्ठ्याला, एका हाताच्या बांगड्या दुसऱ्या पुठ्ठ्याला, आणि दुसऱ्या हातात काळी पुरचुंडी.

"जावईबापू! गाडीनी माले धरी लिधं!"

सरांची केरसुणी वरच्या वर राहिली. त्यांनी पुरचुंडीकडे पाहिलं. काळी चिंधी. काळा दोरा. मिरची.

"आई... हे घरटं तुमचं?"

"घरटं कसानं? राखण शे ती! तुम्हीच सांगं ना, गाडीना जीव आठे शे म्हनून! पन हाऊ खालना मानूस रोज काढी टाकस!"

"हुं?" ब्रशसकट महेशभाई.

"ते नाही, आई. मी काढत होतो," सर म्हणाले. "मला वाटलं उंदीर."

"उंदीर?" हर्षदा किंचाळली आणि अण्णांच्या मागे लपली.

"उंदीर नाही गं! उंदीर म्हणजे आई! म्हणजे, आईच उंदीर... तसं नाही म्हणायचं मला!"

अण्णा आधी खोकले, मग हसायला लागले, आणि हसता हसता त्यांना बॉनेटचा आधार घ्यावा लागला. शेवटी प्रमिलाबाईंनाही हसू आवरेना, पण त्यांना हसता येईना, कारण हललं की पदर आणखी चिकटे.

गोडेतेल लावलं की डिंक सुटतो, हे मात्र सरांना ठाऊक होतं. आठवडाभरात त्यांचं विज्ञान पहिल्यांदा कामाला आलं! साडी बदलावी लागली ती लागलीच. प्रमिलाबाई हिरवी साडी नेसून खाली आल्या तोवर सरांनी पुठ्ठे काढले होते आणि जोडणी घट्ट बसवली होती.

"आई, हात जोडतो, इथे मीठ नको."

"मंग राखण?"

"मी करतो. स्वतः!"

प्रमिलाबाईंना ते फारसं पटलं नाही. पुरचुंडी त्यांनी मांडीवर घेतली आणि वाटभर धरून बसल्या. व्यारा गेलं, सोनगढ गेलं, नवापूर गेलं, काटा शहाण्यासारखा वर-खाली होत राहिला. गाव जवळ आलं तसे अण्णा म्हणाले, "जरा धीरे, जावईबापू." मग टोपी डोक्यावर चढली, काच खाली झाली, आणि एसटीच्या थांब्यासमोरून गाडी अशी गेली की बैलगाडीनेही मागे टाकावं!

मांडवापाशी खुद्द उखाभाऊंनी दार उघडलं. गाडीकडे पाहिलं, भावाकडे पाहिलं.

"खरंच आपोआप पडतस का गिअर?"

"आपोआप!" अण्णा उतरत म्हणाले. उखाभाऊंनी त्यांची टोपी सरळ केली.

तेवढ्यात उखाभाऊंच्या पत्नी धुरपदाबाई आरतीचं ताट घेऊन आल्या. ताटात कुंकू, लिंबू, मिरच्या आणि काळ्या दोऱ्याचं चांगलं जाडजूड रीळ!

"जावई," त्यांनी विचारलं, "गाडीना जीव कोठे ऱ्हास?"

हर्षदाने डोळे मिटले. अण्णांनी तोंड उघडलं. पण आयुष्यभर मुलांना खरं बोलायला शिकवणाऱ्या बोरसे सरांनी क्षणाचाही विलंब लावला नाही.

"डिकीत! स्टेपनीच्या चाकात!"

लग्न थाटात झालं. दुसऱ्या दिवशी परत येताना सोनगढच्या अलीकडे मागचं चाक पंक्चर झालं. सरांनी हसत डिकी उघडली. स्टेपनी होती, जागच्या जागी होती. फक्त ती खालच्या पत्र्याला, जॅकला आणि पान्याला मिळून काळ्या दोऱ्याने अशी आवळली होती, की चाक कुठे संपतं आणि गाठ कुठे सुरू होते तेच कळेना. सरांनी खिशातून चाकू काढला.

"खबरदार!" प्रमिलाबाई गरजल्या. "जीवले चाकू लावशात?"

सरांनी चाकू मिटला. रस्त्याकडे पाहिलं, अण्णांकडे पाहिलं, घाम पुसला.

"हर्षदा," ते हळूच म्हणाले, "एखाद्या मेकॅनिकला फोन लाव गं."