शिपाई राघो घोगळे, वरची वाडी

परशुराम घोगळे यांनी जाहीर केलं होतं की रविवारी सकाळी अकरा वाजता ते खालच्या वाडीचं तोंड कायमचं बंद करतील. वेळ मुद्दाम आधी सांगितली होती, म्हणजे कट्टा गावाहून येणाऱ्यांची एसटी चुकायला नको.

भांडण एका दगडाचं होतं. पहिल्या महायुद्धात लढायला गेलेल्या गावच्या शिपायाचा दगड ग्रामपंचायतीने देवळासमोर उभा केला. त्यावर ‘शिपाई राघो घोगळे’ इतकं कोरून झालं आणि काम अडलं. घोगळे वरच्या वाडीतही होते आणि खालच्या वाडीतही, आणि शंभर वर्षांपूर्वी दोन्हीकडे एकेक राघो होऊन गेला होता. परशुरामांच्या मते लढलेला, सात तुर्क मारलेला राघो हा त्यांचा पणजोबा. खालच्या वाडीच्या जितेंद्र घोगळ्याच्या मते त्याचा.

“तुझ्या पणज्यान कोंबडो तरी मारल्यान काय रे कधी?” परशुराम विचारीत.

“तुमच्या पणज्यान सात तुर्क मारल्यान, ते मोजूक कोण गेल्लो?”

यावर परशुरामांचं डोकं असं तापलं की त्यावर आंबोळी घालता आली असती. त्यांनी लष्कराच्या जुन्या नोंदी ठेवणाऱ्या कार्यालयाला सात महिन्यांत अकरा पत्रं पाठवली. शेवटच्या तीन पत्रांत ‘महोदय’ हा शब्द शिवीसारखा लिहिला होता. उत्तर आलं. ते त्यांनी फोडलं नाही.

“आधी फोडलंय तर तो जितो म्हणतलो, घरात बसान लिवल्यान.”

म्हणून ते देवासमोर फोडायचं, देवळाचा मानकरी असलेल्या गावकराने देवाला गाऱ्हाणं घालायचं आणि गावाने रिवाजाप्रमाणे प्रत्येक वाक्याला होकार द्यायचा. देवासमोर एकदा ‘व्हय म्हाराजा’ झालं की ते कोर्टालाही फिरवता येत नाही, असं परशुरामांचं मत होतं.

रविवारी त्यांच्या मुलीने, भक्तीने, पाकीट फोडलं. ती इंग्रजी वाचून गावकराला सांगे, गावकर देवाला.

“बा देवा म्हाराजा, राघो घोगळो, बापाशीचा नाव बाबलो, वाडी वरची, असा सरकारी कागदार आसा.”

“व्हय म्हाराजा,” गाव म्हणालं.

परशुरामांनी जितेंद्रकडे पाहिलं. राग कमी झाला नव्हता, त्याला आता फक्त सरकारी शिक्का मिळाला होता.

भक्तीने पान उलटलं आणि ती थांबली. “बाबा, ह्यां आपण घराकडे वाचूया.”

“घराकडे कित्याक? हयसरच. मोठ्यान वाच. जित्याक ऐकाक होया.”

“बाबा, पण...”

“वाच म्हणतंय मां.”

तिने वाचलं. गावकर घुटमळला, पण सुरू झालेलं गाऱ्हाणं मध्येच सोडता येत नाही.

“बा देवा म्हाराजा, ह्यो राघो जून एकोणीसशे सतरात, बसऱ्याची बोट सुटाच्या आधीच, मुंबयसून पळालो.”

“व्हय म्हाराजा.”

“वांगडा पलटणीचा एक खेचर घेवन गेलो.”

“व्हय म्हाराजा,” गाव दुप्पट उत्साहाने म्हणालं.

परशुराम भडकले. भक्तीवर, गावकरावर, पोस्टावर, सगळ्या गावावर. “व्हय काय व्हय? तुमी थंय होतात?”

जितेंद्र हात जोडून पुढे आला. “भाई, आमचो दावो मागे घेतलो. आमचो राघो जन्मभर भात लावी होतो. खेचराचो आणि आमचो काय एक संबंध नाय.”

परशुराम दगडाशी छिन्नी घेऊन बसलेल्या पाथरवटाकडे वळले. “फोड तो दगड.”

पायरीवर बसलेली त्यांची पंच्याऐंशी वर्षांची काशीबाई आत्ये इतका वेळ बोटं मोजत होती. “परश्या, माझो बापूस, म्हणजे तुझो आजो, अठरा सालच्या मार्चात जन्मलो. शाळेच्या दाखल्यार आसा. राघो पळालो जूनात. मोज.”

परशुरामांनी रागारागाने मोजलं. नऊ भरले. पुन्हा मोजलं. नऊच.

“तो बोटीत चढलो असतो,” आत्ये म्हणाली, “तर आज हय बोंबलूक कोण असतो?”

परशुरामांना आता आत्येचाही राग आला. पण तो काढायचा तर आपण जन्मलो ही गोष्ट मध्ये येत होती.

“फोडू काय?” पाथरवटाने विचारलं.

“नको. वाडी वरची लिव.”

“आणि तेच्याखाली? शूर, वीर, असा कायतरी?”

परशुरामांनी दात-ओठ खात दगडाकडे पाहिलं.

“परत इलो, असा लिव,” ते खेकसले. “आणि खोल खोद.”