बापूसोंचा बंदोबस्त

"अवं, ऋषभ ल्हानपणी कोंबडीला भ्यायचा. त्यो तुमचं पाय काय मोडतोय?" विजयमाला भाकरी थापता थापता म्हणाली.

पण पोलीस संरक्षणासाठीचा बापूसोंचा अर्ज कोर्टात जाऊन बसला होता. सहकारी बँकेच्या निवडणुकीत ते दोनदा पडले होते. तिसऱ्यांदा पडलो तर राजारामपुरीतल्या आपल्या कापडदुकानाच्या पायरीवर कुणी टेकायलाही येणार नाही, हा घोर त्यांना जाळत होता. समोर उभा होता सख्खा मेहुणा, ऋषभ. त्यानं भर पंगतीत सुनावलं होतं, "दाजी, माघार घ्या, न्हायतर पाय मोडून हातात दीन!" बापूसोंना भीती अशी वाटली नव्हती. पण मागं पोलीस घेऊन फिरणाऱ्या माणसाचं वजन त्यांनी पाहिलं होतं.

कोर्टानं निवडणुकीचा निकाल लागेपर्यंत संरक्षण दिलं. हवालदार जोतीराम बंदूक घेऊन दुकानाच्या दारात उभा राहिला, आणि रोज पायरीवर चहाला जमणारे सभासद कोपऱ्यावरूनच वळले.

"धाड पडली जणू."

"बँकेचीच काय तर भानगड असणार!"

बापूसो प्रचाराला निघाले. धोंडुबाईंनी दार उघडलं, वर्दी पाहिली, दार लावलं.

"सायेब, पोरगा गावाला गेलाय! गाडीची कागदं त्याच्यापाशी हाईत!"

"अवं मावशी, मी बापूसो! मत मागाय आलोय!"

"मत बी त्याच्यापाशीच हाय!"

जोतीराम मागं चालला की बापूसोंना हाकत नेल्यासारखं दिसे, पुढं चालला की ओढत नेल्यासारखं. शेजारून चालला, तर सयाजी चहावाला कानाशी लागला, "धीर धरा, जामीन मिळंल."

"हवालदार, साध्या कपड्यात या की."

"वर्दी न्हाय तर बंदोबस्त न्हाय, मालक. माझं बी पाय मोडलं चालून."

वकील श्रुतीनं फोनवर सांगितलं, "काका, संरक्षण काढायचा अर्ज देऊ. पण तारीख निकालानंतरचीच मिळंल."

मग दोघं दुकानातच बसू लागले. गिऱ्हाईक नाही, मतदार नाही. उन्हं पायरीवर येत, जरा टेकत आणि निघून जात. दिवस मावळायच्या आत विजयमाला दोघांना दुकानामागच्या घरात वाढी, आणि वाढता वाढता गुणगुणे:

"दारी गं पहारा, पायरी गं सुनी
चहा निवून जाई, येईना गं कुनी"

"गप की," बापूसो म्हणत. पण त्यात जोर नसे.

निकाल लागला. ऋषभ निवडून आला. बापूसो पायरीकडं बघत राहिले. जोतीरामनं बंदूक खांद्याला अडकवली.

"आता घरला व्हय?"

"कुठलं घर, मालक! ऋषभ सायबांकडं ड्युटी. तुमच्यापास्नं जिवाला धोका हाय म्हून त्यांनी अर्ज केलाय."

"कवापत्तूर?"

"संचालक हाईत तवर."

बापूसो कितीतरी दिवसांनी हसले. "विजयमाला, हवालदारांना डबा बांध! आन् हवालदार, त्याला घडीभर बी एकटं सोडू नगा. पंगतीत तर अजाबात न्हाय."

डबा घेऊन जोतीराम कोपऱ्याआड गेला. तोच समोरून सयाजी आला, इकडंतिकडं पाहिलं आणि हळूच पायरीवर टेकला.

"सुटलासा व्हय, बापूसो?"

"सुटलो की," बापूसो म्हणाले आणि त्याच्या शेजारी बसले.