चिमीची सोयरीक

ज्या कुणी हा खेळ बनवला, त्याच्या घरात लग्नकार्य म्हणून कधी झालेलं नसणार. झालं असतं, तर भर मांडवात व्याह्यांची तोंडं कशी होतात हे त्याने पाहिलं असतं आणि असला नियम करण्याआधी दोनदा विचार केला असता. अविनाशचं हे मत आजही ठाम आहे. त्या माणसाचं नाव त्याला ठाऊक नाही, पत्ता जपानातला असावा एवढाच अंदाज आहे; नाहीतर त्याने केव्हाच एक खरमरीत पत्र धाडलं असतं. (अविनाश खरमरीत पत्रं फार छान लिहितो. हैदराबादच्या दोन वर्तमानपत्रांनी ती छापायचं बंद केलं, ही गोष्ट वेगळी.)

अविनाश राहायचा नल्लकुंट्याला आणि अमीरपेठेतल्या एका संस्थेत कॉम्प्युटर शिकवायचा. देशाचा बाजार खुला झाला होता, सन दोन हजारच्या नावाने सगळ्या जगाचे कॉम्प्युटर घाबरलेले होते, आणि अविनाशची एका गोष्टीवर अढळ श्रद्धा होती: नवीन आवृत्ती जुनीपेक्षा चांगलीच असते. मग ती आवृत्ती कुकरची असो, कायद्याची असो की लग्नसंस्थेची. त्याचे वडील उमाजीराव, म्हणजे घरातले अण्णा, रेल्वेतून गार्ड म्हणून निवृत्त झालेले. सगळी नोकरी मालगाडीच्या शेवटच्या डब्यात काढल्यामुळे पुढे काय चाललंय याची घाई त्यांना कधीच नव्हती. बापलेकांचं पटायचं, पण एका गतीने नाही.

अण्णांना जगात एकच दोस्त होता, तारनाक्याचे केशवराव. हे रेल्वेतच तिकीट तपासनीस. दोघांची गावं मराठवाड्यातली, दोघं एकाच वर्षी सिकंदराबादला नोकरीला लागले आणि स्टेशनवरच्या इराण्याकडे एका चहाचे दोन अर्धे करत म्हातारे झाले. त्या चहावरच कधीतरी त्यांनी परस्पर ठरवून टाकलं होतं की केशवरावांची रंजना उमाजीच्या घरी द्यायची. रंजनाला आणि अविनाशला विचारायचं राहून गेलं. मग अविनाश पुण्याला प्रशिक्षणाला गेला आणि माधवीशी रजिस्टर लग्न करून आला. इथवरही केशवरावांनी गिळलं असतं. पण घरगुती समारंभात अविनाशने छोटंसं भाषण केलं, आणि ठरवून केलेली लग्नं म्हणजे जनावरांचा बाजार असल्याचं सांगितलं. केशवराव पहिल्या रांगेत बसले होते. ते जेवले, अहेर दिला, आणि दर रविवारी नल्लकुंट्याला यायचे ते पुन्हा आले नाहीत. (रंजनाचं लवकरच नागपूरला छान जमलं. ती सुटकेचा निःश्वास टाकून गेली असं म्हणतात. पण ते केशवरावांना कोण सांगणार?)

अण्णा याबद्दल अविनाशला एक शब्दही बोलले नाहीत. फक्त रविवारी सकाळी ते दाढी करून, इस्त्रीचा सदरा घालून व्हरांड्यात बसायचे, आणि दहाच्या सुमाराला सदरा काढून खुंटीला लावायचे. अविनाशला ती खुंटी बघवत नसे.

अशात त्याला संस्थेने तीन महिने सिंगापूरला पाठवलं. येताना त्याने हातात मावणारी दोन व्हिडिओ गेमची यंत्रं आणि त्या दोन्हींसाठी एकाच खेळाच्या दोन कॅसेटी आणल्या. खेळ असा: एक भुयार, त्यात मजल्याखाली मजला. प्रत्येक मजल्यावर चित्रविचित्र प्राणी. त्यांना मारायचं नाही, खाऊ घालून आपलंसं करायचं आणि सोबत घेऊन आणखी खाली उतरायचं. सगळी लिखापढी जपानी लिपीत. अविनाशने एक यंत्र अण्णांना दिलं आणि दुसरं, धीर करून, तारनाक्याला नेलं. केशवरावांनी त्याला दारातच उभं केलं, खोक्याकडे बघितलं आणि म्हणाले, "ठेवून जा."

अविनाशला वाटलं, खोकं माळ्यावर जाणार. पण आठवडाभरात केशवरावांच्या बायकोचा, कुसुमताईंचा, माधवीला फोन आला. यांना काय दिलंय, म्हणे, भाजीला पाठवावं तर पिशवी घेऊन सोफ्यावरच बसतात. इकडे अण्णांचंही तेच चाललं होतं. मालगाडीच्या माणसाला भुयार फार मानवलं. त्यांनी मिशीवाला एक बेडूक पाळला होता, त्याचं नाव फौजदार. केशवरावांकडे दुधी भोपळ्याएवढी, एकुलत्या एका दाताची, पंख असून न उडणारी एक मादी होती. तिचं नाव चिमी. (मादी हे कशावरून, असं अविनाशने एकदा विचारलं. लाजते, असं उत्तर तिकडून आलं.) रंजना गेल्यापासून त्या घरात केशवराव कुणाला हाक मारत नव्हते, ते आता दिवसभर चिमीला हाका मारत होते.

दोघं म्हातारे अजून एकमेकांशी बोलत नव्हते, पण एकमेकांच्या प्राण्यांची खबर ठेवत होते. माधवी आणि कुसुमताई फोनवर बोलताना मागून अण्णा सहज म्हणायचे, चिमीचं पोट ठीक आहे का विचार. तिकडून निरोप यायचा, फौजदाराला म्हणावं बाराव्या मजल्यावर जपून, तिथे फरशी खचते. माधवीचं म्हणणं होतं की हे असंच हळूहळू चालू द्यावं, एक दिवस मधल्या दोघी फोन ठेवून देतील आणि हे दोघं बोलत बसतील. ती पुण्याची असून हे म्हणत होती, आणि अविनाश हैदराबादचा असून त्याला दम नव्हता.

कारण खेळाचा दुसरा भाग निघाला होता. रंगीत. जुन्या कॅसेटमधले प्राणी तारेने नव्या कॅसेटमध्ये नेता येत होते, आणि मुख्य म्हणजे दोन यंत्रं जोडून एकाचा नर आणि दुसऱ्याची मादी एकत्र आणता येत होती. त्यातून तिसरा, दोघांपेक्षा बलवान प्राणी जन्माला यायचा. सिंगापूरहून परतणाऱ्या सहकाऱ्याकडून अविनाशने दोन कॅसेटी मागवल्या आणि नियम समजून घ्यायला इंटरनेट कॅफेत गेला. पान वरून खाली, एकेक ओळ करत, हल्लू हल्लू उतरत होतं. अर्धं उतरलं तेव्हाच त्याला सगळं समजलं. (विद्यार्थ्यांना तो रोज सांगायचा की सूचना शेवटपर्यंत वाचल्याशिवाय बटण दाबायचं नाही.) तो उठला आणि थेट घरी येऊन म्हणाला, "अण्णा, चिमीला मागणी घाला."

ठरवून केलेल्या लग्नांविरुद्ध भाषण करणारा हाच माणूस. अण्णांनी यंत्र बाजूला ठेवलं आणि स्वतः फोन उचलला. दोन वर्षांत पहिल्यांदा. मागणीचं बोलणं काय झालं ते कुणाला ऐकू आलं नाही. अण्णांनी पाठ फिरवली होती. फोन ठेवून ते एवढंच म्हणाले की केशव हौ म्हणतोय, पण लग्न मुलीच्या दारी होईल.

मग जे सुरू झालं ते अविनाशच्या हातात राहिलं नाही. केशवरावांनी पंचांगातला चांगला दिवस काढला. फौजदाराचं गोत्र काय, अशी विचारणा आली. बेडकाचं काय असतं ते लावा, असं अण्णांनी कळवलं. मानपान नको असं अविनाशने तत्त्व म्हणून सांगून बघितलं, तर अण्णा म्हणाले, तुझ्या लग्नात झालं नाही ते इथे होऊ दे. रविवारी सकाळी इस्त्रीचा सदरा अंगावर चढला आणि दहा वाजता तो खुंटीवर गेला नाही, रिक्षात बसला. अविनाशला त्या क्षणी वाटलं की आपण आयुष्यात एक काम तरी नीट केलं.

तारनाक्याला दाराला तोरण होतं. कुसुमताईंनी माधवीची ओटी भरली आणि आत गोडाला खुबानीचा मीठा तयार असल्याचं कानात सांगितलं. केशवराव दारात आले, अण्णांकडे बघितलं, आणि म्हणाले की वजन उतरलंय तुझं. अण्णा म्हणाले, चालतो ना रोज. दोन वर्षांच्या अबोल्याचं एवढंच झालं. जोडायची तार इतकी आखूड होती की व्याह्यांना सोफ्यावर गुडघ्याला गुडघा लावून बसावं लागलं, आणि दोघांनाही ते आवडलेलं दिसत होतं.

अविनाश गुरुजींच्या जागी उभा राहिला. त्याने कॅसेटी बदलल्या, प्राणी नव्या घरात आणले. रंगीत पडद्यावर चिमी गुलाबी निघाली. केशवराव हरखून म्हणाले की मला वाटलंच होतं. मग अविनाशने दोघांना जोडायची जागा उघडली. एक देवळासारखी इमारत, तिच्यासमोर फौजदार आणि चिमी.

पडद्यावर जपानीत काहीतरी उमटलं. खाली दोन पर्याय. वरचा म्हणजे हो, हे दोघंही अनुभवाने शिकले होते.

"हे काय विचारतंय?" केशवरावांनी विचारलं.

"मुलाकडच्यांची पसंती," अविनाश म्हणाला. अण्णांनी वरचं दाबलं.

पुन्हा अक्षरं आली, या वेळी लाल.

"मुलीकडच्यांची."

केशवरावांनी यंत्राला हलकीशी टिचकी मारली, जशी पोरीच्या गालाला मारतात, आणि वरचं दाबलं. तिसऱ्यांदा अक्षरं आली, मोठी, आणि आतून घंटा वाजल्यासारखा आवाज झाला. अविनाशने सांगितलं की आता हे दोघांना मिळून विचारतंय, मंगलाष्टकं समजा. दोघांनी एकदम दाबलं, कुसुमताईंनी अक्षता टाकल्या, आणि सोफ्याच्या फटीत तांदूळ गेले.

खेळाने तीनदा विचारलं होतं. तीनदा. कुठल्याही मुलाच्या बापाने विचारलं नसेल इतक्या अदबीने विचारलं होतं की हे दोघं कायमचे जातील, चालेल ना? पानाच्या न उतरलेल्या अर्ध्या भागात तेच लिहिलेलं होतं.

फौजदार आणि चिमी देवळाचं दार उघडून आत गेले. प्रकाश झाला, वाजंत्री वाजली, आणि अण्णांच्या यंत्रात एक अंडं आलं. केशवरावांच्या यंत्रात रिकामं अंगण आलं.

सगळे वाट बघत बसले. कुसुमताई वाट्या घेऊन आल्या आणि त्याही बसल्या. केशवरावांनी एक बटण दाबलं, मग दुसरं. अंगणात गवत हललं, बाकी काही नाही. त्यांनी अविनाशकडे बघितलं आणि आवाज न चढवता विचारलं, "माझी पोर किधर गेली, अविनाश?"

अविनाशने तार काढली, पुन्हा लावली, यंत्र बंद करून चालू केलं, जुनी कॅसेट घालून बघितली. जुन्या भुयाराच्या तोंडाशीही कुणी नव्हतं. तिथून तर त्यानेच तिला आणलं होतं. अंडं तेवढ्यात फुटलं. आतून मिशी आणि एक दात असलेलं काहीतरी बाहेर आलं, आणि अण्णांनी घाईघाईने ते यंत्र केशवरावांपुढे धरलं, की हे तुझ्याकडे ठेव, तिचंच आहे. केशवरावांनी ते हाताने बाजूला सारलं. दुसऱ्यांदा या घराने माझ्या पोरीचं असं केलं, म्हणाले, आणि आतल्या खोलीत गेले. दार त्यांनी आपटलं नाही, नुसतं लावलं. आपटलं असतं तर बरं झालं असतं.

घरी आल्यावर अण्णांनी सदरा खुंटीला लावला आणि यंत्र कपाटावर ठेवलं. अविनाशने माफी मागितली, तेव्हा ते म्हणाले की तुझा हेतू चांगला होता. याहून वाईट वाक्य अविनाशने आपल्या आयुष्यात ऐकलं नव्हतं. त्याला भुयारातली फरशी खचल्यासारखं झालं. ज्यांना हळूहळू एकमेकांकडे यायचं होतं त्यांना त्याने ढकलून आणलं होतं, आणि ढकलायचं कारण एवढंच की बघत बसणं त्याला सोसत नव्हतं.

पुढे रविवारी अण्णा सदरा घालून अफझलगंजच्या ग्रंथालयात जायला लागले. घरात बसून तरी राहत नाहीत, एवढंच अविनाशने समाधान मानलं.

दीड-दोन वर्षांनी खेळाचा तिसरा भाग आला. इंग्रजीत. त्यात बनवणाऱ्यांनी नियम बदलला होता: जोडल्यावर पोर जन्माला येतं आणि आईबापही अंगणातच राहतात. जगात कुठेतरी आणखी कुणाचा तरी असाच मांडव ओस पडला असणार, म्हणूनच बदलला, याबद्दल अविनाशच्या मनात शंका नव्हती. त्याने पुस्तिका पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत वाचली, हमीची अटसुद्धा, आणि एका रविवारी कॅसेट घेऊन एकटाच तारनाक्याला गेला. काय बोलायचं ते रिक्षात पाठ केलं: काका, चिमी परत येणार नाही, पण यापुढे कुणाचीच चिमी जाणार नाही.

दार उघडंच होतं. सोफ्यावर केशवराव होते आणि त्यांच्या शेजारी, ग्रंथालयात असलेले अण्णा होते. दोघांच्या हातात तीच यंत्रं, आणि त्यांत पहिल्या भागाचा काळापांढरा खेळ. केशवरावांच्या पडद्यावर दुधी भोपळ्याएवढी, एका दाताची एक मादी चालत होती. तसल्या दुसऱ्या मजल्यावर डझनाने मिळतात, हे अविनाशला कुणी कधी सांगितलंच नव्हतं.

"ही चिमी?" त्याने विचारलं.

"नाही," केशवराव पडद्यावरून नजर न हलवता म्हणाले. "हिला नाव ठेवलं नाही."

अविनाशने कॅसेट पुढे केली, पाठ केलेलं सगळं बोलून दाखवलं. दोघांनी ऐकून घेतलं. केशवराव म्हणाले की चांगली सुधारणा आहे, टेबलावर ठेव. मग अण्णांना म्हणाले की बाराव्यावर आलास का, आणि दोघं पुन्हा भुयारात उतरले. दोघांचा चहा मधल्या स्टुलावर निवत होता. हे रविवार कधीपासून चालू आहेत, कसे सुरू झाले, त्याला का सांगितलं नाही, यातलं काही विचारायची त्याची छाती झाली नाही.

तो स्वयंपाकघराच्या दाराशी गेला. कुसुमताई कांदा चिरत होत्या. त्याने हळूच विचारलं की काकू, यांचं मिटलं कसं?

कुसुमताईंनी सुरी खाली ठेवली. "तुझ्याच नावाने, बाबा. उमाजीभावजी आले एक दिवस, दोघं तुला नावं ठेवायला बसले ते दिवेलागणीपर्यंत. तसं दोघांत बोलायला दुसरं होतं काय? मधूनमधून असंच काहीतरी करत जा."