सूर्यभानने डब्यात धरलेलं ऊन

चांगुणाला बघायला येणाऱ्या पाहुण्यांसाठी ग्यासबत्ती आणायची नाही, एवढंच सूर्यभानने मंगळवारी सकाळी ठरवलं. पुढचं सगळं त्यातून झालं.

चांगुणा ही त्याची धाकटी मेव्हणी. सासरे गेल्यापासून तिच्या लग्नाचं बघायचं काम थोरला जावई म्हणून त्याच्याकडे आलं होतं. त्याचं नगरातलं घर एसटी स्टँडपासून चालत यायच्या अंतरावर, म्हणून बघण्याचे कार्यक्रम तिथेच होत. आतापर्यंत दोन झाले होते आणि दोन्ही ठिकाणांहून एकच निरोप आला होता. पोरगी नीट दिसलीच न्हाई.

यात पाहुण्यांची काही चूक नव्हती. माजघराला खिडकी नव्हती, आणि दुपारी वीज जायची. (बाहत्तर साल होतं. ती कधीकधी यायचीही.)

"अहो, शेजारून ग्यासबत्ती तेवढी मागून आणा," त्याची बायको विजयमाला म्हणाली.

"घरात शिकलेला माणूस असताना?" सूर्यभान म्हणाला.

"कोन?" विजयमालाने खरंच विचारलं.

सूर्यभान नागापूरला एका वर्कशॉपात स्टोअर-क्लार्क होता. वर्कशॉपमागच्या पत्र्याच्या शेडमध्ये, सुटी झाल्यावर, गोरक्ष सरांचं 'प्रकाश व काल जादू विद्यालय' भरायचं. सर आधी कुठल्याशा शाळेत चित्रकला शिकवीत. कोर्स दोन वर्षांचा. पहिल्या वर्षाला प्रकाश, दुसऱ्याला काल. सूर्यभान पहिल्या वर्षाला होता. सहामाहीपर्यंत त्याला भिंतीवरचा कवडसा हलवता येऊ लागला होता (वीतभर, आणि फक्त डावीकडे). डब्यात ऊन भरण्याचा धडा नुकताच झाला होता.

ऊन भरणं तसं अवघड नाही. घासलेला पितळी डबा उन्हात उघडा ठेवायचा, सरांनी दिलेले शब्द पुटपुटायचे आणि पाऊण तासाने झाकण लावायचं. 'आसपास माणूस नको' असं सरांनी फळ्यावर लिहिलं होतं. का नको, ते लिहिलं नव्हतं. ते दुसऱ्या वर्षाला होतं.

सूर्यभानने डबा उंबऱ्यात ठेवला, कारण ऊन तिथेच चांगलं येई. माणसंही तिथेच असत. चांगुणा बाजरी निवडत बसली होती, विजयमाला आतबाहेर करत होती, आणि तो स्वतः डब्याशेजारी आरसा टेकवून दाढीला बसला होता. पाऊण तासाने त्याने झाकण लावलं. डबा हाताला कोमट लागत होता.

गुरुवारी दुपारी चारला कर्जतहून काकासाहेब आले. सोबत त्यांचा मुलगा कानिफनाथ. काकासाहेबांना मोठा फेटा आणि खाकरून मग बोलायची सवय. सूर्यभान त्यांना मागे एकदा स्टँडवर भेटला होता, तेव्हापासून ते खाकरणं त्याच्या डोक्यात बसलं होतं. कानिफनाथने बोलायचं सगळं वडिलांवर सोडलं होतं. चांगुणा येऊन पाटावर बसली, आणि वीज गेली. हिरव्या पातळाचा काठ तेवढा दिसत राहिला.

"काळजी नको," सूर्यभान म्हणाला, आणि त्याने झाकण काढलं.

ऊन बाहेर आलं. कोवळं, सकाळी साडेआठचं. भिंती उजळल्या, कपबशांवरची फुलं दिसू लागली.

"वा!" काकासाहेब म्हणाले.

सूर्यभानला 'वा' म्हणणारी माणसं आयुष्यात फार भेटली नव्हती. त्याला दोन बोटं उंच झाल्यासारखं वाटलं. काकासाहेब खाकरले.

"पाव्हणं, आमाला मागायचं काय न्हाई. फकस्त..."

"फकस्त पोराला येक रेडिओ," उंबऱ्याकडून आवाज आला, "येक घड्याळ, आन् मला मानाचा फेटा. ह्यो मळलाय!"

सगळ्यांनी तिकडे पाहिलं. उंबऱ्याशी आणखी एक सूर्यभान बसला होता. अंगात बनियन, अर्ध्या गालाला साबण, डोक्याला टॉवेलचा फेटा. तो खाकरला. हुबेहूब जमलं होतं.

ऊन येताना आपली वेळ बरोबर घेऊन येतं, हे गुरुवारच्या सूर्यभानला तेव्हा कळलं. त्याने घाईने डब्याला झाकण लावलं. पण डबा केव्हाच रिकामा झाला होता.

"हे कोन?" काकासाहेबांनी विचारलं.

"मीच," सूर्यभान म्हणाला. "परवाचा."

"आन् नक्कल कुनाची चाललीया?"

बोलली ती उंबऱ्याशी बसलेली मंगळवारची चांगुणा, सुपातलं डोकं वर न काढता.

"दाजी, पुरं करा आता. त्यांच्या घरी बाई न्हाई. येकल्या मानसानं पोरगं वाढवलं. मागितला फेटा तर द्यावा की!"

काकासाहेबांचा हात आपल्या फेट्याकडे गेला आणि तिथेच राहिला.

"आन् तुमी काय बोलता?" मंगळवारची विजयमाला आतून येत म्हणाली. "आपल्या लगनात सायकल मागून घेतली. नऊ वर्सं झाली, अजून हातात धरून चालवता!"

कानिफनाथ हसला. आल्यापासून त्याने केलेला तो पहिला आवाज.

काकासाहेबांनी पाटाकडे पाहिलं, मग सुपाकडे. "ह्यातली आमाला दाखवायची कोनची?"

"ती बाजरी निवडती ती," कानिफनाथ पटकन म्हणाला.

"मीच हाय ती," पाटावरून आवाज आला.

इतक्यात मंगळवारच्या सूर्यभानची दाढी आटोपली. तो उठला, मोरीकडे वळला आणि अंघोळीसाठी बनियन काढू लागला. गुरुवारच्या सूर्यभानने त्याच्यापुढे धोतर धरायचा प्रयत्न केला. ऊन धोतरातून आरपार येत होतं.

विजयमाला उठली. माजघराच्या मागच्या भिंतीला वर्तमानपत्रांचे गठ्ठे रचलेले होते, पुढे कधी लागतील म्हणून सूर्यभानने जपलेले. तिने ते दोन हातांनी बाजूला ढकलले. गठ्ठ्यांमागे एक दार होतं. तिने ते उघडलं.

परसातलं चारचं ऊन सरळ आत आलं. त्यात मंगळवार फिका पडत गेला आणि बनियन डोक्यावरून निघायच्या आत दिसेनासा झाला. माजघर लख्ख उजळलं होतं. चांगुणा सगळ्यांना नीट दिसत होती. कानिफनाथने एकदा मागच्या दाराकडे पाहिलं, मग सूर्यभानकडे.

काकासाहेब खाकरले. सूर्यभानने डोळे मिटले.

"आमाला मागायचं काय न्हाई," काकासाहेब म्हणाले, आणि या वेळी तिथेच थांबले. मग पाटाकडे वळून, "पोरी, तुझं काय म्हननं?"

चांगुणाने एकदा कानिफनाथकडे नीट बघून घेतलं. "फेटा मात्र दाजींनी द्यायचा," ती म्हणाली.

लग्न पंधरा दिवसांत झालं. त्यानंतर सूर्यभानने गोरक्ष सरांना सगळं सांगितलं. सरांनी शांतपणे ऐकून घेतलं.

"सुटलेला काळ ताज्या उन्हानं धुवायचा, हा दुसऱ्या वर्षाचा शेवटचा धडा," ते म्हणाले. "बाईंना कुणी शिकवला?"

"कुणी नाही. तिनं दार उघडलं."

"त्यांना पुढच्या सोमवारपासून पाठवा. थेट दुसऱ्या वर्षाला."

सूर्यभानला त्यांनी पहिल्याच वर्षात ठेवलं आणि प्रगतिपुस्तक हातात दिलं. नापास विद्यार्थ्याने त्यावर पालकाची सही आणायची, असा विद्यालयाचा नियम होता.

सही विजयमालाने केली. शेऱ्याच्या रकान्यात तिने लिहिलं, 'मनानं चांगला हाय. वर्गात पुढं बसवावा.'