निळे बाण, लाल बाण

नेपाळातल्या डोल्पा जिल्ह्याच्या निसर्गस्थळांच्या यादीत छेवांगच्या गावचा तलाव आला नाही. पण असं काही घडलंच नाही, असं समजा. छेवांगही तसंच समजतो. बायको समोर असली की जरा जास्तच मन लावून समजतो.

तर, तलाव यादीत येणारच होता! यादीत आला की पर्यटक येणार, आणि पर्यटकांसाठी ओढ्यावर लोखंडी पूल होणार. सध्या तिथे दोन ओंडके आहेत. छेवांगची बायको फुटी अकरा वर्षं पाठीवर खताची टोपली घेऊन त्यांवरून ये-जा करतेय.

"या खेपेला पूल नाही झाला, तर मी माहेरी जाऊन बसेन!" तिने बजावलं.

"पूल झालाच समज!" म्हणत छेवांग निळा रंग घेऊन बाहेर पडला.

पाहणीला येणारे हाकिम रिमालसाहेब खालच्या मुलखातले आणि भलतेच कडक. त्यांनी आधीच कळवलं होतं, "सोबत कुणी नको. पर्यटकासारखा एकटाच, खुणा बघत तलावावर जाईन."

छेवांगने गावापासून दगडादगडावर बाण काढले. अर्ध्या वाटेवर चोर्तेन, म्हणजे जुना दगडी स्तूप आहे. आता चोर्तेनला फेरा न घालता पुढे कोण जाईल? आमचे याकसुद्धा जात नाहीत! म्हणून त्याने चोर्तेन उजव्या हाताला राहील असे सभोवार चार बाण काढले. फेरा झाला की तलावाकडे वळायचं. ते सांगायला बाण कशाला? ते काय सांगायचं असतं?

संध्याकाळी ते बाण फुटीच्या भावाने, युंगड्रुंगने पाहिले. छेवांग बौद्ध, तर तो बोन धर्माचा. त्याचा फेरा उलटा, चोर्तेन डाव्या हाताला ठेवून.

"दाजी, एवढ्या मोठ्या हाकिमाला चुकीच्या अंगाने फिरवताय?"

"माझा रंग, माझा बाण!"

"रंग काय तुमच्याच घरी आहे?" म्हणत युंगड्रुंगने चार उलटे बाण काढले. लालभडक!

पाहणीच्या दिवशी ढग पार जमिनीवर उतरला. लोणीचहाचे थर्मास आणि स्वागताला गळ्यात घालायची पांढरी उपरणी, खादे, घेऊन अख्खा गाव तलावाकाठी बसला. नऊला निघालेले साहेब बारापर्यंत येईनात. सगळे शोधायला खाली उतरले, तर साहेब ढगात चोर्तेनभोवती गरगर फिरताहेत! निळा बाण दिसला की इकडून, लाल दिसला की तिकडून.

"काय ही भक्ती!" म्हातारी आंगमो गहिवरली. "आणि दोन्ही धर्मांची!"

"अहो, हाक मारा की त्यांना!" फुटी ओरडली.

"फेऱ्यातल्या माणसाला अडवू? पाप कुणाच्या माथी?" छेवांग आणि युंगड्रुंग एका सुरात म्हणाले. लग्न झाल्यापासून या दोघांचं एकमत झालं ते हे पहिलंच.

मग सगळेच अदबीने फेऱ्यात सामील झाले. छेवांगची मंडळी या अंगाने, युंगड्रुंगची त्या अंगाने. ढगातून माणसं येताना बघून साहेबांच्या जिवात जीव आला.

"तलावाकडूनच आलात ना? अजून किती लांब?"

"हे काय, फेरे संपले की आलाच साहेब!"

साहेबांना वाटलं, फेरे म्हणजे वाटेची वळणं! ते झपाझप चालू लागले.

"कितवा झाला साहेब?" पुढच्या भेटीत छेवांगने आदराने विचारलं.

"सतरावा चोर्तेन आहे हा, सतरावा!" साहेब कळवळले.

"एकशे आठचा नेम दिसतोय," आंगमोने हात जोडले.

एकोणिसाव्याला साहेब मटकन खाली बसले. मग उठले ते बाणांकडे पाठ करून, उताराच्या दिशेने, थेट जिल्ह्याच्या ठिकाणी. पंधरा दिवसांनी अहवाल आला: "वाट अतिशय लांब. वाटेत हुबेहूब सारखे एकोणीस चोर्तेन. ग्रामस्थ दोन्ही दिशांना जाताना आढळले. तलाव त्यांनाही सापडत नसावा. आम्हास तलाव आढळला नाही."

फुटीने अहवाल ऐकला आणि गाठोडं बांधायला घेतलं. मेहुणे-दाजींनी घाईघाईने एकाच कागदावर अर्ज लिहिला:

"महोदय, आमचा तलाव चोर्तेनच्या पलीकडे पडल्याने आपल्या नजरेतून सुटला. चोर्तेन हलवणे दोन्ही धर्मांत निषिद्ध आहे. तरी सदर तलाव, आतील पाण्यासह, चोर्तेनच्या अलीकडे सरकवून मिळावा. सरकवताना तो चोर्तेनच्या कोणत्या अंगाने न्यावा यावर अर्जदारांत एकमत नाही. तेवढे आपल्या स्तरावर ठरवावे, ही नम्र विनंती."