लाल रेघेखाली गेलेला मालक

घड्याळजींनी आधी घराचं छप्पर उतरवलं आणि मग ते कागद आणायला निघाले. हे उलटं चाललंय, असं बायको चार दिवस कानीकपाळी ओरडत होती, पण घड्याळजी हवेत होते. आत्यानं सात वर्षांपूर्वी घरावर लावलेला दावा अखेर मागे घेतला होता. वडिलांच्या घरात एक खोली माझी, एवढंच तिचं म्हणणं. पण कोर्टाचे जिने गुडघ्यांना झेपेनात, तेव्हा वैतागून तिनं सही करून टाकली. आता वर एक खोली चढवायची आणि तिथं दुरुस्तीचं दुकान थाटून एकट्यानं निवांत घड्याळं उघडून बसायचं, असा यांचा बेत होता.

परवानगीसाठी फक्त दाव्याची नोंद काढलेला उतारा हवा होता. परवानगीचे साहेब आज पाचला महिनाभराच्या रजेवर निघणार होते, आणि घरी बायको, दोन पोरं आणि कपाट एकाच ताडपत्रीखाली दाटीवाटीनं बसले होते. महिनाभर थांबणं म्हणजे संसाराचा बोऱ्या.

नोंदणीचा कारकून भला माणूस. त्यानं कोर्टाचा आदेश दोनदा वाचला, चष्मा पुसून बाजूला ठेवला, नोंदवहीवर पट्टी धरून लाल रेघ ओढली, शिक्का मारला आणि मग चष्मा लावला. रेघ एक ओळ वर गेली होती. दावा जागच्या जागी होता. खोडले गेले होते ते घड्याळजी.

"मग ही रेघ खोडा ना," घड्याळजी म्हणाले.

"रेघ खोडता येत नाही. दुरुस्तीला मालकाचा अर्ज लागतो."

"अहो, मालक मीच."

"होतात," कारकून हळहळून म्हणाला. "वरची ओळ गेली की खालची वर येते. आता मालक या बाई."

फोन गेला. अर्ध्या तासात आत्या रिक्षानं हजर झाली. आपल्या नावाखाली बोट फिरवत तिनं पान तीनदा वाचलं.

"म्हणजे घर माझं?"

"कागदावर, आत्या. तात्पुरतं."

"मग माझ्या घराचं छप्पर कोणी काढलं?"

घड्याळजींनी घाईघाईनं दुरुस्तीचा अर्ज मागितला. त्यात कारकुनानं सांगितलं की दुरुस्तीला पंधरा दिवस लागतात. घड्याळजींनी डोक्याला हात लावला. पण कारकून पुन्हा पानावर वाकला आणि खुलला. दावा बाईंचा, घरही बाईंचं, आणि स्वतःच्या घरावर कोणी दावा लावत नाही. म्हणजे उतारा स्वच्छच! परवानगी बाईंनीच मागावी, दुरुस्ती मागाहून होईल.

परवानगीचं कार्यालय तिसऱ्या मजल्यावर, आणि पाचाला दहा कमी. मग एका बाजूनं कारकून, दुसऱ्या बाजूनं घड्याळजी, आणि मधे खुर्चीत आत्या, अशी वरात जिना चढली. साहेब पिशवी खांद्याला लावून उभेच होते. तरी आत्यानं नव्या खोलीचा नकाशा पाहिल्याशिवाय सही करायला साफ नकार दिला. साहेबांचंच पेन मागून तिनं नकाशावर काहीतरी नीट लिहिलं, सही केली. साहेबांनी न बघता शिक्का मारला आणि धूम ठोकली.

खाली आल्यावर आत्यानं दुरुस्तीच्या अर्जावरही मुकाट्यानं सही दिली. घड्याळजींना भरून आलं. इतक्या साध्या बाईशी आपण सात वर्षं भांडलो, याची त्यांना मनापासून लाज वाटली.

या वेळी घड्याळजींनी शहाण्यासारखी आधी कागदाची वाट पाहिली, आणि पंधरा दिवसांनी उतारा आला. मालक घड्याळजी, दावा नाही. त्यांनी ऐटीत गवंड्यासमोर नकाशा पसरला. वरच्या खोलीतलं 'दुकान' खोडून तिथं ठसठशीत अक्षरात लिहिलं होतं, 'आत्याची खोली'. खाली मालकाची सही, वर साहेबांचा शिक्का.

घड्याळजी धावत सुटले. परवानगीच्या कार्यालयात साहेबांचा मदतनीस शांतपणे म्हणाला, "मंजूर नकाशा बदलायला, ज्यांनी सही केली त्यांचाच अर्ज लागतो."

ते परतले, तर आत्या अंगणात उभी राहून गवंड्याला खिडकीची जागा दाखवत होती. घड्याळजींचा पडलेला चेहरा पाहून तिला दया आली.

"दिवसा बसत जा की तू तिथं घड्याळं घेऊन," ती म्हणाली. "मी काही दावा लावणार नाही."